चाळीस कोरे दाखले

दि. ३ मार्च, सकाळी १०.२०, शिक्क्याची शाई वाळवत बसलो असता

ती. मामांस,
शि. सा. न. वि. वि.

लिफ्ट तपासणीच्या कार्यालयात लागून पाच महिने झाले. अजून कायम नाही. इथली रीत अशी, की सकाळी चाळीस कोऱ्या दाखल्यांवर मी ‘मंजूर’चा शिक्का मारून ठेवायचा. इमारतींची नावे दुपारी भरतात. लिफ्ट पाहायला कोणीच जात नाही. मी विचारले, तेव्हा साहेब हसून म्हणाले, की दहावी नापासाने शुद्धलेखन तपासावे, लिफ्ट नव्हे. तुमचा जन्म जुने कागद उतरवण्यात गेला. हा ‘मंजूर’ शब्द मुळात कुठला? दिवसातून चाळीसदा तो उमटवतो, म्हणून विचारतो. मामींना नमस्कार.

आपला,
भाचा

दि. ९ मार्च

चि. कानामात्रास,
अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र मामीने दोनदा वाचले. एकही चूक सापडेना म्हणून हिरमुसली. शब्द अरबीतला, फारसीमार्गे आला. ‘नजर’ त्याची सख्खी बहीण. मंजूर म्हणजे मुळात पाहिलेले. कारभाऱ्याने कागद नीट पाहिला, की तो पसंत, असे धरत गेले. पुढे पाहणे गळाले, पसंती तेवढी उरली. पण यावरून साहेबाशी भांडू नकोस. कायम होईपर्यंत मान खाली घाल. तुझ्या आईचे घर तुझ्या पगारावर चालते, हे विसरू नकोस.

तुझा,
मामा

दि. १२ मार्च, दुपारी २.१०, दवाखान्याच्या गच्चीवर, लिफ्टच्या मोटारीच्या खोलीबाहेर

ती. मामांस,
शि. सा. न. वि. वि.

गुडघ्यावर कागद धरून लिहितो आहे, अक्षराची क्षमा असावी. काल भरलेल्या दाखल्यांत या चार मजली दवाखान्याचे नाव होते. जेवणाच्या सुट्टीत येऊन पाहिले. लिफ्टच्या पोलादी दोराचे पीळ उसवलेत. ते मलासुद्धा दिसले. लिफ्टवाला म्हणाला, की आठ वर्षांत वर आलेला आमच्या कचेरीचा पहिला माणूस मीच. लिफ्ट बंद करवली. मोठे डॉक्टर खूप ओरडले. मी शिक्का खोडून ‘पाहिले, नामंजूर’ असे लिहिले आणि खाली पूर्ण नावाने सही केली.

तुमचा शब्द मोडला. आईला मीच सांगेन. कालच्या दाखल्यांचा गठ्ठा बरोबर आणला आहे. एकोणचाळीस इमारती उरल्या. आज दोन होतील, बाकीच्या उद्यापासून. साहेबांना मला काढायचेच असेल, तर त्यांनी जिने चढून वर यावे.

तुमचा लोभ माझ्या नोकरीवर नव्हता, असे धरून चालतो.

आपला,
भाचा