वरची रांग माझीच

२० सप्टेंबर
म्हाताऱ्या दावूरने अखेर गुडघ्यांपुढे हात टेकले. वीस वर्षं गावचा मुख्य मेंढपाळ होता, आता पुरे म्हणतो. पाच ऑक्टोबरला मेंढरं खाली हाकायची आहेत. त्या दिवशी वरची रांग, म्हणजे डोंगराच्या धारेवरून चालणारी माणसं, जो नीट नेईल तो नवा मुख्य. उमेदवार दोनच. मी आणि हालग्रिम. हालग्रिम खाडीतल्या मासे पाळायच्या पिंजऱ्यांवर कामाला, वय चौतीस. संध्याकाळी मजा म्हणून डोंगरावर पळतो. पळणाऱ्याला डोंगर काय दिसणार? मी अख्ख्या बेटाचा नकाशा स्वतः काढलाय, प्रत्येक घळ आणि प्रत्येक कडा. माझे वडील मुख्य मेंढपाळ होते, आजोबाही. हे पद मला हवंय. अगदी लहानपणापासून हवंय.
उद्यापासून रोज चढाई. सकाळी सातला.

२१ सप्टेंबर
धुकं. नकाशावर प्रॅक्टिस केली. बोटाने दोनदा शिखर गाठलं. सुन्नेवा म्हणाली, अरे एलियास, डोंगर खिडकीबाहेर आहे. बायकोला यातलं शास्त्र कळत नाही. माहेर डोंगरापलीकडचं, सोलदालचं. पोरवयात रोज धार ओलांडून इकडे नाचायला यायची. त्याला भूगोल म्हणत नाहीत.

२४ सप्टेंबर
वारा.

२५ सप्टेंबर
पुन्हा वारा, शिवाय बुटात खडा. पहिल्या दगडी बांधापर्यंत गेलो. तिथून सगळं दिसतं.

२९ सप्टेंबर, संध्याकाळ
आज ओढ्यापर्यंत! वाळवलेलं मटण खाल्लं, जरा पडलो. उठलो तेव्हा चार वाजले होते. बावीस वर्षांनी एवढं वर आलो, पण पायांना सगळं आठवतंय. अंतर अर्धं झालं, तयारी मात्र पूर्ण.

२ ऑक्टोबर
दावूरच्या घरी बैठक. कॉफी, रुबार्बचा केक. त्याने विचारलं, वर असताना धुकं उतरलं तर काय कराल? हालग्रिम म्हणाला, खाली बसेन, निवळेपर्यंत हलणार नाही. पळपुटा! मी म्हणालो, मी डोळे मिटूनही जाईन. सगळे एकदम गप्प झाले. केवढा आदर! दावूरने कप खाली ठेवला. मग म्हणाला, ठीक आहे, वरची रांग तुझी, पण सुन्नेवाला बरोबर ने. बरोबरच आहे, कॉफीचा थर्मास कुणीतरी उचलायला हवाच.

५ ऑक्टोबर, सकाळी ६.४०
आकाश स्वच्छ. वडिलांची फार आठवण येते आहे.

५ ऑक्टोबर, संध्याकाळ
घटना जशा घडल्या तशा लिहितो. साडेदहाला धारेवर पोचलो. (तीनदा थांबलो, ते इतरांसाठी.) अकराला धुकं. मागे सहा माणसं, सगळ्यांची नजर माझ्यावर. मी बिनदिक्कत डावीकडे वळलो. सुन्नेवा म्हणाली, थांब, मघाशी वारा डाव्या गालावर होता, आता उजव्या गालावर लागतोय. मी तिला शांतपणे समजावलं की नकाशा गालावर काढत नाहीत. तिने कपाळावर हात मारला. पण समोर मेंढरं होती, चांगली साठेक, आणि काय शहाण्यासारखी चालत होती! एकही फुटलं नाही. धुक्यातून खाली कोंडवाडा दिसला तसा मी टोपी काढून हलवली.
कोंडवाड्यातून सुन्नेवाचा भाऊ बाहेर आला.
सोलदाल. त्याने एकेका मेंढीचा कान उलटून पाहिला. उजव्या कानाला चीर, म्हणजे सगळी त्यांचीच. त्यांची हाकणी पुढच्या आठवड्यात होती. म्हणाला, दाजी, आमचं काम केलंत, उपकार झाले. त्याची बायको इतकी हसली की तिला भिंतीला टेकावं लागलं. मग त्यानेच आम्हाला गाडीने बोगद्यातून घरी सोडलं. डोंगराखालून बारा मिनिटं लागतात.
आमची मेंढरं वरच. खालची रांग दिवसभर थंडीत कुडकुडत उभी होती.

६ ऑक्टोबर
शांतपणे विचार केला. दोन्ही बाजूंचे उतार हुबेहूब सारखे आहेत. हा बेटाचा दोष. शिवाय मी दोन्ही बाजूंना काम करू शकतो हे सिद्ध झालं. असा माणूस हालग्रिम आहे का?

८ ऑक्टोबर
नाही, हालग्रिमही नाही. दावूर घरी आला, माझ्यासमोर बसला आणि त्याने सुन्नेवाला विचारलं, मुख्य मेंढपाळ होशील का? ती म्हणाली, एलियासला वाईट वाटेल. मी म्हणालो, छे, मला कशाला? मग ती हो म्हणाली.
वाईट वाटलं. खूप वाटलं.

१२ ऑक्टोबर
पुन्हा हाकणी. सुन्नेवाने प्रत्येकाला जागा नेमून दिली. मला गावाबाहेरच्या रस्त्यावर उभं केलं: मेंढरं रस्ता ओलांडतील तेव्हा गाड्या थांबवायच्या. जबाबदारीचं काम. आठ वाजताच हजर झालो. दोन गाड्या आल्या, दोन्ही थांबवल्या. दुसरीत पाद्रीबाई होत्या. वीस मिनिटांनी त्यांनी विचारलं, मेंढरं कुठायत? म्हटलं, येतीलच आता. त्यांना अंत्यविधीला जायचं होतं, म्हणून नाइलाजाने सोडलं.
दोनपर्यंत उभा होतो. मग हालग्रिम धावत आला. म्हणाला, अरे, तू अजून इथे? सुन्नेवाने वारा बघून ऐनवेळी मेंढरं वरच्या वाटेने आणली, रस्ता ओलांडावाच लागला नाही. एकही कमी नाही. अकरालाच कोंडवाड्यात. सगळ्यांचं जेवणही झालं.
तुला सांगायचं राहूनच गेलं, म्हणाला.