पुकाऱ्यातलं नाव

करडी, ता. मोहाडी
१८ जुलै २०२४

चि. डिंपल,

अनेक आशीर्वाद. इकडे सर्व ठीक आहे. तिकडे नाशिकला तुझ्या दवाखान्यातल्या पाळ्या चालू असतील. जेवण वेळेवर करत जा. गावात धानाची रोवणी सुरू झाली आहे. तलावाचं पाणी यंदा वेळेवर सुटलं. आपल्या तीन बांध्या रोवून झाल्या, धुऱ्याजवळची एक राहिली. ती कोण रोवणार ते अजून ठरलेलं नाही.

दोन वर्षांनी बाबाचं पत्र पाहून दचकली असशील. फोन असताना पत्र कशाला, हेही मनात येईल. कारण सांगतो, पण जरा वेळ लागेल. चौतीस वर्षं मास्तरकी केली, मुद्द्यावर या म्हणून पोरांना छड्या मारल्या. आज मलाच मुद्द्यावर येता येत नाही.

गोमाजींना आता फार कमी ऐकू येतं. भंडाऱ्याला पितळेच्या कारखान्यात चाळीस वर्षं भांडी ठोकली, कान जायचेच. तुला त्यांचा राग आहे. पण त्यांच्या नादमंडळात मी पहिल्यांदा गेलो, तेव्हा ते म्हणाले होते, "मास्तर, ठोका आधी येते, गुंड मागून होते. जगाचं बी तसंच हाये." पाण्याचा गुंड त्यांच्या हातात होता. मला ते पटलं. आवाज आधी, वस्तू नंतर. ज्याचं नाव घेतलं जातं तो असतो. जे वाईट उच्चारलंच नाही, ते घडलेलं नसतं. म्हणून रोज सकाळी ताट वाजवून घरातल्या प्रत्येकाच्या नावाचा पुकारा. आणि दुखणं, मरण, सरपटणारं जनावर, यांचं नाव तोंडातून काढायचं नाही.

तू नर्सिंग शिकून आलीस आणि मंडळाच्या बैठकीत सगळ्यांसमोर म्हणालीस, "बाबा, दुखते म्हणल्याबिगर औषध कसं देतीन?" मी तुला घराबाहेर काढलं. दुसऱ्या दिवशी पुकाऱ्यातून तुझं नाव गाळलं. माझ्या लेखी तू नव्हतीस.

तुझी आई मात्र माझ्यापेक्षा हुशार निघाली. गाय व्याली तेव्हा तिने कालवडीचं नाव डिंपल ठेवलं. सकाळी ताट वाजून झालं की गोठ्यात जाऊन हाक मारायची, चांगली खणखणीत. मी काय बोलणार? मंडळाचा नियम माणसांना होता, गुरांना नव्हता.

वर सर्व ठीक आहे असं लिहिलं ते सवयीने. खोडत नाही, पण ते खोटं आहे.

शनिवारी आई धुऱ्याजवळच्या बांधीत लावायला धानाचे पऱ्हे उपटायला गेली होती. अकराच्या सुमाराला एकटीच परत आली आणि ओसरीवर बसली. काय झालं विचारलं तर नुसतं पायाकडे बोट दाखवलं. घोट्याच्या वर दोन टिपके होते, भोवती सूज. मी शिकलेला माणूस आहे डिंपल. मला बघताक्षणी कळलं. आणि मी गप्प राहिलो. कारण बोललो असतो तर ते झालं असतं.

तेवढ्यात शेजारचा भुपेंद्र मोटारसायकलवरून आला. "काकाजी, काकूले काय झालं? दवाखान्यात नेऊ काय?" मी म्हटलं, "काही नाही, थकली हाये." तो गेला.

मी गोमाजींना बोलावलं. मंडळाचे दहा-बारा जण ताटं घेऊन आले. ललिता, ललिता असा पुकारा सुरू झाला. तिच्या पापण्या खाली येत होत्या. तिने माझी बाही ओढली आणि म्हणाली, "अजी, डिंपलले फोन लावा ना." तू काय सांगितलं असतंस ते तिला माहीत होतं. मलाही. मी फोन लावला नाही. मग तिनेच नियम मोडायचं ठरवलं. तोंड उघडलं, पण तोवर जीभ वळेना. नुसता श्वास येत होता, आणि ताटांपुढे तोही ऐकू येत नव्हता. अडीच वाजता तो थांबला.

कुणीच तसं म्हणालं नाही. गोमाजीही नाहीत. नदीवर नेलं तेही न बोलता. भुपेंद्रने तुझा नंबर मागितला, तर डिंपलला मी कळवलं म्हणून सांगितलं. रविवारी तिच्या फोनवर तुझा फोन आला. दर रविवारी तुम्ही दोघी माझ्या चोरून बोलत होतात, हे मला ठाऊक होतं. मी फोन उचलला आणि म्हटलं, "आई शेतात गेली." दोन वर्षांनी तू माझा आवाज ऐकलास आणि मी खोटं बोललो.

चार दिवस मी सकाळी तिच्या नावाचा पुकारा केला. आज ताट वाजवलं तर ते नाव तोंडातून निघेना. तुझं निघालं. गोठ्यातून कालवड हंबरली. मी ओसरीवर बसून रडलो.

कागदाला आवाज नाही, म्हणून मंडळ लिहिलेलं मोजत नाही. म्हणून तर एवढं लिहू शकलो. गोमाजी खरे की खोटे, मला आता काही कळत नाही. मी भुपेंद्रला एक शब्द बोललो असतो, तर ती आज बांधीत असती, एवढं कळतं. ये म्हणायचं तोंड मला नाही. पण एक काम कर. पुढची ओळ मोठ्याने वाच. मला जमत नाही, आणि कुणीतरी म्हटल्याशिवाय तिची सुटका नाही.

माझी आई ललिता साप चावून मेली, आणि माझा बाबा बघत बसला.

तुझं नाव गाळणारा,
परसराम