क्लावा, तुला खोटं बोलता येत नाही

प्रिय क्लावा,

हे पत्र ल्युदाच्या हाती पाठवते आहे. हो, तीच ल्युदा, जी माणसांना गावातून बाहेर काढायला गाडी घेऊन येते आणि जिला तू दर खेपेला बटाटा भरून उकडलेल्या वारेनिकी खाऊ घालून रिकाम्या गाडीनिशी परत धाडतेस. फोनवर मला म्हणत होती, "तुमच्या क्लावाकडे गेलं की माझं वजन वाढतं, गाडीतली माणसं काही वाढत नाहीत." घाबरू नकोस, या पत्रात मी तुला 'निघ' म्हणणार नाही. तो विषय काढला की फोनवर नेमकं तेव्हाच तुला ऐकू येईनासं होतं. तुझ्यामागचे तोफांचे आवाज मात्र मला इथे पोलंडमध्ये बसून स्वच्छ ऐकू येतात. असो. आज नुसत्या गप्पा.

इथलं बरं चाललंय. मी एका शाळेच्या स्वयंपाकघरात भाज्या चिरते. इथले लोक बीटचं पाणी गाळून पितात आणि त्याला बोर्श म्हणतात, काय सांगू तुला! पहिल्या दिवशी मी चमचा घालून तळाशी बटाटा शोधत राहिले. रविवारी बागेत बाकावर बसून सूर्यफुलाच्या बिया खात होते, तर शेजारची बाई माझ्या पायाशी पडलेल्या टरफलांकडे अशी बघायला लागली की मी ती मुकाट्यानं रुमालात गोळा केली. तू असतीस तर तिलाच मूठभर बिया दिल्या असत्यास आणि संध्याकाळपर्यंत तिच्या सुनेच्या कागाळ्या काढून घेतल्या असत्यास. आपल्या फाटकासमोरच्या बाकावर बसलेल्या आपल्या नजरेतून कोण सुटलं होतं? कुणाची गाय कुणाच्या कोबीत शिरली, कुणाच्या घरी दिवा उशिरापर्यंत का जळतो, सगळं आपल्याला ठाऊक. इथे मला कुणाचंच काही ठाऊक नाही. त्याचं इतकं वाईट वाटेल असं वाटलं नव्हतं.

परवा पाऊस पडला आणि बांधकामावरच्या ओल्या मातीचा वास आला, तेव्हा माझं घर बांधलं तो दिवस आठवला. सगळा गाव जमला होता. बायका स्कर्ट खोचून अनवाणी, माती आणि पेंढा तुडवतायत, पुरुष भिंती चढवतायत आणि माझी सासू एवढ्या माणसांचं जेवण रांधता रांधता सगळ्यांवर ओरडतेय. तू गाणं म्हणत नाचायला गेलीस आणि कमरेपर्यंत चिखलात बसलीस. पाव्लोनं तुला बखोटीला धरून वर ओढलं आणि विचारलं, "काय हो मंडळी, ही भिंतीत लावायची का घरी न्यायची?" तू त्याच्या तोंडावर चिखलाचा गोळा मारलास. तो म्हणाला, "घरीच न्यावी लागणार." आणि हिवाळ्याच्या आत नेलंनसुद्धा! आज पाव्लो टेकडीवरच्या दफनभूमीत निजलाय आणि तिथे जायची वाट सुरुंगांनी भरलीय. ईस्टरनंतर सगळे थडग्यांपाशी जेवण घेऊन जातात, तेव्हा या वर्षी तू फाटकातूनच त्याच्या दिशेनं अंडं धरलंस म्हणे. हे तू मला सांगितलं नाहीस, ल्युदानं सांगितलं. तुझ्या फाटकाशी मीही उभी असायला हवी होते.

तू सांगत नाहीस अशा पुष्कळ गोष्टी आहेत. गेल्या आठवड्यात म्हणालीस, "तुझी चेरी फुलांनी नुसती लगडलीय झीना, आणि खिडक्या मी कालच पुसल्या." इतकं रंगवून सांगितलंस की क्षणभर मलाही खरं वाटलं. पण क्लावा, माझ्या घराचा फोटो ल्युदानं मला थंडीतच दाखवला होता. मीच तिच्या मागे लागले होते. छप्पर नाही, भिंती नाहीत. चूल तेवढी उभी आहे, काळी पडलेली. चेरीच्या जागी खड्डा आहे. मी खूप रडले, लेकीला, यारिनाला, कळू नये म्हणून न्हाणीघरात नळ सोडून रडले. मग तुझा फोन आला आणि तू पडद्यांबद्दल सांगायला लागलीस, तर मी म्हटलं, हो का, धुतलेस का? कारण तुझ्या तोंडून ऐकलं की घर परत उभं राहायचं. म्हणून इतके दिवस तुला बोलू दिलं. आता मात्र राग येतो. "तुझं घर कुणाच्या भरवशावर टाकून येऊ?" असं तू ल्युदाला म्हणालीस. अगं, राखायला तिथे काही उरलेलं नाही, हे तुलाही माहीत आहे आणि मलाही. माझ्यासाठी म्हणून तू तळघरात रात्री काढायच्या आणि मी इथे गादीवर निजायचं, हे मला झेपत नाही.

आता खरं काय ते लिहिते. यारिनाला मुलगी झाली. डोक्यावर भरपूर काळे केस, आणि आवाज असा की खालच्या मजल्यावरचे छताला झाडू आपटतात. जावयानं तिला फोनवरच पाहिलंय, तो आघाडीवर आहे. तिचा बाप्तिस्मा आम्ही अजून केलेला नाही. यारिनाच्या वेळी थंड पाण्यात बुडवलं म्हणून तू पाद्रीबाबांनाच झापलं होतंस आणि तिला छातीशी घेऊन आख्ख्या देवळाला पाठ करून उभी राहिलीस. त्या दिवसापासून तू तिची धर्ममाता, मी आई, आणि म्हणून आपण एकमेकींना कूमा म्हणतो. परवा इथल्या पाद्रीबाबांनी विचारलं, धर्ममाता कोण, बाप्तिस्म्याला बाळ कोण हातांवर घेणार? यारिनानं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही, सरळ तुझं नाव सांगितलं. इथल्या दोन बायका आपणहून तयार होत्या. ती म्हणाली, "क्लावामावशी येईपर्यंत माझी मुलगी तशीच राहील." आपल्याकडे 'धर्ममाता हो' असं कुणी सांगितलं की त्याला नाही म्हणत नाहीत. तुझ्या आईनं ताप अंगावर काढून, बर्फातून चालत जाऊन दुसऱ्याचं लेकरू हातांवर घेतलं होतं. हे वाचत असशील तेव्हा ल्युदा तुझ्या अंगणात गाडी चालू ठेवून उभी असेल. तुला नाही म्हणायचंच असेल तर मला किंवा ल्युदाला सांगू नकोस. इथे ये आणि त्या पोरीच्या तोंडावर सांग.

तुझीच, भांडायला आतुर,
झीना