आबांचा ‘न’

मनवेलपाडा, विरार
रविवार

प्रिय रंभा,

तुझा निरोप पोचला. ‘ती जुन्या नाटकाची फीत लावणार असाल तर मी दादाच्या सत्काराला पापडी गावात येणार नाही,’ हे तू माझ्या पुतण्याला, हितेशला, इतकं ठणकावून सांगितलंस की तो बिचारा माझ्यापुढे अर्धा तास चाचरत होता. आधी मी चिडलोच. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी पहिली शाल मिळतेय गं, आणि त्यात माझंच काम दाखवायचं नाही? मग म्हटलं, दिवाकरराव, गप बसा. चिडायचा हक्क तिचा आहे.

टीव्हीच्या त्या सुरुवातीच्या दिवसांत मी काय काय नाही केलं! गडी, हवालदार, पोस्टमन, वरच्या मजल्यावरचा भाडेकरू. सकाळपासून तोंडाला रंग फासून स्टुडिओत बसायचं आणि संध्याकाळी ‘साहेब, तार आली’ एवढंच बोलायचं. नाव अगदी शेवटी यायचं, तोवर लोक जेवायला उठलेले. तरी आपल्या गावी, वटारला आलो की बायका दारातून ‘तार आली, तार आली’ म्हणून चिडवायच्या आणि माझी कॉलर ताठ व्हायची. खोटं कशाला बोलू?

त्या गड्याच्या नाटकाची मात्र आजही लाज वाटते. ‘पानी आनतो, मालक,’ म्हणत मी खाकरलो, पंच्याने ओठ पुसले आणि टीव्हीसमोर जमलेला अख्खा गाव खदखदून हसला. पुढेच आबा बसलेले, आपले सख्खे वडील. तो ‘न’ त्यांचा, ते खाकरणं त्यांचं, सगळ्यांनी ओळखलं. ते उठून घरी गेले. महिन्याभरात तुला बघायला पाहुणे आले, तर आबा तोंडच उघडेनात. पुन्हा कुणी हसेल ही धास्ती. पाहुण्यांना वाटलं, म्हातारा घमेंडखोर आहे. स्थळ गेलं, पुन्हा तसं आलं नाही. तू त्यावर कधी चकार शब्द काढला नाहीस, आणि तेच मला सोसत नाही.

तेव्हा मी घरी सांगितलं होतं, निर्मात्याने तसं बोलायला लावलं. आबांनी ते खरं मानलं. रंभा, ते खोटं होतं गं. कागदावर ‘पाणी’च लिहिलं होतं. तालमीत कुणी हसेना, म्हणून मीच आबांची नक्कल काढली. सगळे हसले आणि माझे दोन प्रसंग पाच झाले. आबा गेले, पण हे त्यांना सांगायची माझी छाती झाली नाही. आता तुला सांगतोय. समारंभात फीत लागणार नाही, हे मी हितेशला बजावलंय. तो विचारतो, मग पुसून टाकू का? काल त्याच्या मोबाइलवर ती एकदाच बघायची म्हणून बसलो आणि तीनदा बघितली. आबांचा आवाज आपल्याकडे दुसरा कुठेच नाही. टिंगलीसाठी काढलेला तो ‘पानी’ ऐकला आणि मी मोठ्याने रडलो. पूस म्हणायला जीभ रेटत नाही, ठेव म्हणायला तोंड नाही. तू एकदा ऐक, आणि काय करायचं ते तूच सांग.

तुझाच अपराधी,
दादा