उतरलेला गंधार

चि. भैरवीस, खडेबाजारातल्या पेटीवाल्या भरमूआप्पाचा आशीर्वाद.

परवा तू संगीत दिलेला सिनेमा पाहिला. एवढ्या व्हायोलिनांमधून तुझा तो किंचित उतरलेला गंधार आला आणि शेजारची बाई डोळे पुसू लागली. मला मात्र घाम फुटला. टीव्हीवर तू म्हणालीस, हा गंधार घरच्या पेटीनं दिला. बाळ, तो माझ्या हातून झाला. तू सहा वर्षांची असताना तुमची पेटी माझ्याकडे दुरुस्तीला होती. गंधाराची पितळी पट्टी घासताना कानस जास्त फिरली आणि सूर उतरला. तुझे वडील शरद मास्तर रागावतील म्हणून मी गप्प बसलो. त्याच सुरावर तू गायला शिकलीस. पोरीचा कान बिघडवला, ही धास्ती मला तीस वर्षं आहे.

आता मोठमोठे वादक तुझ्यासाठी तो सूर मुद्दाम उतरवून वाजवतात. माझ्या चुकीचं एवढं सोनं करायला तुझंच डोकं पाहिजे.

आज तुझा भाऊ राघवेंद्र तीच पेटी घेऊन आला. "आप्पा, भैरवी येतीया गणपतीला. सगळे सूर नीट करून ठेवा."

मी भात्याला नवं कातडं लावलं. गंधाराजवळ कानस नेली, पण हात पुढे जाईना. संध्याकाळी राघवेंद्रनं येऊन वाजवून बघितलं.

"आप्पा, ह्यो एक सूर उतरलाय की वो!"

"आसू दे रं. त्यो तुझ्या भैनीचा हाय."

हे पत्र मी टाकणार नाही. खरं कळल्यावर तू तो सूर सोडून दिलास तर?

बाकीचे सगळे सूर नीट केले आहेत.

भरमूआप्पा