दुसरा पंखा

कळमेश्वर
२८ एप्रिल १९८४

प्रिय कुसुमताई,

तुझं कार्ड येऊन पंधरा दिवस झाले. यंदाही मे महिन्यात येणं जमत नाही, पोट्टी चौदा महिन्यांची आहे, कळमेश्वरात दुपारभर लाइन नसते, पंख्याशिवाय तिचे हाल होतील, असं तू लिहिलं. मागच्या वर्षी ती दोन महिन्यांची होती, कारण हेच होतं. तुमच्या भिलाईच्या क्वार्टरात लाइन जातच नाही म्हणे, मग तिले सवय कुठून असणार? पटलं मले. म्हणून मी ते कारणच काढून टाकायचं ठरवलं. इतके दिवस उत्तर काहून नाही दिलं, तर हेच करून राहिलो होतो.

तुले माहीत आहे, मी कंपनीत बॅटरीवरच्या ट्रॉल्या सांभाळतो. शेजारच्या इंदूबाई म्हणतात, पोट्टं बी.एस्सी. झालं अन् बॅटऱ्यांत पाणी टाकते. खोटं नाही. पण ते पाणी टाकता टाकता एक समजलं. ट्रकची बॅटरी म्हणजे शंकरपटाच्या शर्यतीत पळणारा गोऱ्हा. एकदम झेप घेते, इंजिन उठवते, की झालं तिचं काम. तिले दिवसभर जुंपलं तर पंधरा दिवसांत मरते. ट्रॉलीची बॅटरी नांगराच्या बैलासारखी, हळू चालते, पण सांजेपर्यंत चालते. तिलेही अर्ध्यावर सोडावं लागते. रोज अर्ध्याच्या खाली ओढली तर तीही बसते. घरच्या पंख्याले ही ट्रॉलीचीच पाहिजे.

मग किती मोठी? बाबांच्या जुन्या वहीतल्या पाठकोऱ्या पानावर मांडत बसलो. बसगाडीत ड्रायव्हरपुढे असतो तसला बारा व्होल्टचा छोटा पंखा, दोन अँपिअर घेते. लाइन जाते दुपारी चार तास, सांजेले दोन तास. सहा दुणे बारा. सांजेच्या दोन तासांत एक छोटी ट्यूब, तीही दोन अँपिअर, म्हणजे आणखी चार. झाले सोळा. अर्धंच वापरायचं म्हणून दुप्पट, बत्तीस. उन्हाचं, बॅटरीच्या म्हातारपणाचं धरून चाळीस. चाळीस अँपिअर-तास. दोन रेघा मारल्या. मले इतकं बरं वाटलं ताई, की पोळ्या लाटायचं राहूनच गेलं, मुरमुऱ्यांवर झोपलो.

दुसऱ्या दिवशी तो कागद नत्थूजींले दाखवला. नत्थूजी म्हणजे आमचे जुने मिस्त्री, बोटं आम्लानं पिवळी, चष्म्याची एक काडी दोऱ्याची. बेरीज त्यांनी पाहिलीच नाही. म्हणाले, "पंखा एकच?" मी म्हटलं, ताई अन् पोट्टी एका बाजेवर झोपतात, एक पुरते. ते म्हणाले, "अन् जवाई कुठं गा? जवाई काय बाहेर निंबाखाली झोपते?" बाकीचे हसले. मीही हसलो. मग ट्रॉलीच्या मागं जाऊन उगाच नटबोल्ट आवळत बसलो.

खरं सांगतो, मी मुद्दाम नव्हतं केलं. दहादा तपासलेला हिशेब होता, गुणाकार बरोबर, अर्ध्याचा नियम बरोबर, अन् एक माणूस आलंच नव्हतं त्यात. सुचलंच नाही. मुद्दाम केलं असतं तर बरं झालं असतं, असं वाटून राहिलं.

मग नवीन मांडलं. दोन पंखे, चार अँपिअर, सहा तास, चोवीस. ट्यूबचे चार, अठ्ठावीस. दुप्पट छप्पन्न. वरचं धरून सत्तर. जुना कागद खोडून त्याच्याखालीच लिहिलं आहे, सोबत पाठवतो. खोडलेलं वाचता येते. ते तसंच राहू दिलं.

भंगारवाल्याकडून ट्रॉलीच्या सहा सेल आणल्या. वर एकशेवीस लिहिलं होतं. नत्थूजी म्हणाले, लिहेल आहे ते नोको पाहू, उरेल किती आहे ते पाह्य. म्हणून परवाच्या रविवारी पुरी भरून परीक्षा घेतली. तुम्ही असताना जसं होईल तसंच करायचं होतं, तर मधल्या खोलीत दोन बाजा टाकल्या, बाबांची अन् मायची. चादरी घातल्या. दोन्ही पंखे लावले. साडेबाराले लाइन गेली अन् ते सुरू झाले, साडेचारले लाइन आली तरी बॅटरीवरच ठेवले, वरून ट्यूबही लावली. मी उंबऱ्यावर, हातात आम्ल मोजायची काचेची नळी. दर तासाले उठायचं, आकडा लिहायचा, परत बसायचं. बाकी काही कामच नव्हतं. पंख्याच्या वाऱ्यानं चादरीचं टोक उडायचं, मी जाऊन परत खोचायचो. इंदूबाई डोकावल्या, म्हणाल्या, "कोण आलं रे?" मी म्हटलं, अजून कोणी नाही. त्या दोन्ही बाजा पाहून परत गेल्या. त्या रिकाम्या बाजांकडं पाहत मी सहा तास बसलो ताई. सकाळी आकडा बाराशे साठ होता, सांजेले बाराशे पंधरा. बाराशेच्या खाली जाऊ द्यायचा नसते. पास झाली बॅटरी.

पण आपल्या दोघांलेही माहीत आहे, तू पंख्यासाठी नाही थांबली.

बाबांच्या तेरवीले पत्रावळी मी मांडल्या होत्या. माणसं मोजून. तुम्ही दोघं भिलाईहून रात्रभराचा प्रवास करून आले होते. तुझी पत्रावळ होती, त्यांची नव्हती. ते पंगतीशी उभे राहिले, मग हात धुवायले गेल्यासारखे विहिरीकडे गेले. सगळ्यांले वाटलं, पोरगं आहे, गडबडीत चुकलं. तू माझ्याकडं पाहिलं अन् वाढलेल्या पानावरून उठली. तुले समजलं होतं. ती चूक नव्हती. बाबांनी तुझं कोर्टातलं लग्न शेवटपर्यंत मानलं नाही, अन् मले वाटलं त्यांची तेरवी त्यांच्या मनासारखी व्हावी. तेव्हा मुद्दाम गाळलं, अन् दोन वर्षांत इतकं अंगवळणी पडलं की यावेळी न ठरवताच गळलं. याचीच मले भीती वाटली.

हे पत्र खरं म्हणजे तुले लिहायचं नव्हतं. 'प्रिय भाऊजी' असं दोनदा लिहिलं अन् दोनदा फाडलं. ज्या माणसाले मी तोंडावर कधी भाऊजी म्हटलं नाही, त्याले कागदावर कसं म्हणू? म्हणून तुझ्या नावानं लिहिलं. हे त्यांलेच आधी वाचू देजो, खोडलेल्या हिशेबासकट. मग त्यांनी नाही म्हटलं तर मी समजेन, पुन्हा विचारणार नाही. हो म्हटलं तर गाडी कोणती ते चार दिवस आधी कळवजो, बॅटरी भरायले वेळ लागते. बाबांची बाज त्यांच्यासाठी आहे. दुसरा पंखा तिकडेच तोंड करून ठेवला आहे.

तुझाच,
पुंडलिक