मोटाभाई पहिल्या रांगेत

३ मार्च, सकाळी ७
आजपासून रोजनिशी. मराठीत, कारण गुजराती गझलेसाठी राखून ठेवली आहे. रविवारी, चौदा तारखेला, वाचनालयाच्या हॉलमध्ये माझं पहिलं जाहीर गझलवाचन. वय बावन्न, नावावर एक संग्रह. घाबरण्याचा प्रश्नच नाही. संकल्प : रोज अर्धा तास मोठ्याने सराव. आज नको. घसा खवखवतोय.

४ मार्च
आयोजकबाईंचा फोन. म्हणाल्या, 'हजी'ची गझल हवीच, लोक तिच्यासाठीच येणार. साहजिक आहे. 'हजी' म्हणजे 'अजून'. प्रत्येक शेर त्या शब्दावर येऊन थांबतो. आजारी बापाला आणि घराला टाकून गेलेल्या माणसाला विचारलेले सात प्रश्न. एका प्राध्यापकांनी लिहिलं होतं की तो माणूस म्हणजे ईश्वर. मी खोडून काढलं नाही.

६ मार्च, दुपारी, दुकानात
मोटाभाईचा फोन. म्हणजे माझा सख्खा थोरला भाऊ. नऊ वर्षांनी! म्हणाला, पेपरात वाचलं, ऐकायला येतोय, पहिल्या रांगेत बसेन, हल्ली कमी ऐकू येतं. मी म्हणालो, ये की. आवाज अजिबात कापला नाही. त्यानंतर एका गिऱ्हाइकाच्या चष्म्यात डावी काच उजवीकडे बसवली. हल्ली काचाच एकसारख्या येतात.

७ मार्च
इथे लिहायला हरकत नाही. गझलेतला माणूस ईश्वर नाही. मोटाभाई आहे. आणि घर टाकून तो गेला नव्हता. मी गेलो. बापूजींना अर्धांगवायू झाला त्याच महिन्यात, इथली नोकरी मिळाली म्हणून. आठवड्यात येतो म्हणालो होतो. पुढे चार वर्षं त्यांना उठवणं, पुसणं, भरवणं, सगळं मोटाभाईने केलं. शेवटीही मी पोचलो नाही. गाडी चुकली. दुसरीही चुकली.
इथे आल्याबरोबर लिहिलेल्या, मासिकात छापून आलेल्या त्या गझलेत मात्र तो जातो. निव्वळ वृत्ताची गरज. 'मी' बसेना.

९ मार्च
हे बायकोला समजावून सांगितलं. कपड्यांच्या घड्या घालता घालता म्हणाली, गुजरातीत 'मी' म्हणजे 'हुं' आणि 'तू' म्हणजे 'तुं', मग दोन्हींचं वजन एकच नाही का? तिला छंदशास्त्रातलं बारीक कळत नाही.
सराव : शून्य.

१० मार्च
डॉक्टरांकडे गेलो. रविवारपर्यंत आवाज जाईल असं त्यांना सुचवून पाहिलं. घशात टॉर्च मारून म्हणाले, घसा उत्तम आहे. माणूस नवशिका दिसतो. दुसरं मत घ्यायला हवं.

१२ मार्च
सहज म्हणून गझलेत 'तुं'च्या जागी 'हुं' घालून पाहिलं. तीन मिनिटं लागली. वृत्त कुठेही अडखळलं नाही. एकदा वाचली आणि लगेच फाडली. हातपाय गार पडलेत. पंख्यामुळे असावं.

१३ मार्च, सकाळी ५.४०
छातीत धडधड. काल चहा कडक झाला होता. निर्णय पक्का : मूळ गझल वाचायची, त्याच्या डोळ्याला डोळा देऊन. किंवा चष्मा काढून.

१४ मार्च, सायंकाळी ५, हॉलच्या मागची खोली
पडद्याच्या फटीतून पाहिलं. साठ खुर्च्या, एकोणचाळीस माणसं. तो आलाय. केस पांढरे झालेत. अंगात बापूजींचा कोट. बाथरूमला तीनदा जाऊन आलो. मागच्या दाराला बाहेरून कुलूप आहे. पाहिलं आपलं, सहज.

१५ मार्च, सकाळी
अकरा गझला वाचल्या. 'हजी'ची फर्माईश झाली, तेव्हा कागद घरी राहिला असं सांगितलं. कागद हातात होता. टाळ्या पडल्या.
जिन्यात मोटाभाईने गाठलं. म्हणाला, तीच का नाही म्हटलीस? मी म्हणालो, ती तुझ्याबद्दल नाहीये. त्याने विचारलंच नव्हतं. तो म्हणाला, कोणाबद्दल आहे ते वाचल्याबरोबर कळलं होतं. मग कठडा धरून सातही शेर म्हणून दाखवले. तोंडपाठ. फक्त प्रत्येक 'तुं'च्या जागी 'हुं'.
मी म्हणालो, चुकतोयस. तर म्हणाला, ती चार वर्षं अशीच म्हणायचो, आता जीभ वळत नाही. बापूजींना रोज ऐकायची असायची. धाकट्याने स्वतःबद्दल लिहिलंय, त्याला पस्तावा होतोय, असं मी त्यांना सांगितलं होतं. ऐकून झाली की म्हणायचे, येईल तो. आणि मग चार घास जास्त खायचे.
मी म्हणालो, घसा बसलाय. डॉक्टरांना हे दिसायला हवं होतं.
त्याने पिशवीतून माझा संग्रह काढला. दारातच विकत घेतलेला. म्हणाला, काहीतरी लिहून दे.
पेन बराच वेळ हातात होतं. मागे माणसं खोळंबली होती. शेवटी लिहिलं : 'रसिकवर्यांस सप्रेम भेट'. खाली माझं पूर्ण नाव, बापूजींच्या नावासकट, आडनावासकट. ओळखीसाठी.
त्याने ते दोनदा वाचलं आणि म्हणाला, अक्षर छान आहे.